देवीला कैद करायचंय? आधी तिचं काम बंद पाडा

फॅन्टसी लिहायला लागलं की कधी ना कधी हा प्लॉट डोक्यात येतोच. एक देवी, तिचा एक वैरी देव, तो तिला पळवतो, कुठेतरी डांबून ठेवतो आणि मग कुणीतरी तिला सोडवायला निघतं. ऐकायला मस्त वाटतं पण लिहायला बसलं की तिसऱ्या चॅप्टरला गाडी अडकते. माझीही अडकली होती. पहिल्या ड्राफ्टमध्ये मी देवीला काळ्या दगडाच्या बुरुजात साखळदंडांनी बांधलं होतं, साखळ्यांवर चमकणारी अक्षरं, बाहेर पहाऱ्याला तीन तोंडांचा प्राणी, आणि मी स्वतःवरच खूश. एका मैत्रिणीला वाचायला दिलं तर तिने दोनच प्रश्न विचारले. ही देवी कशाची आहे? आणि ही आत गेल्यापासून बाहेर कुणाचं काय अडलंय? माझ्याकडे दोन्हीची उत्तरं नव्हती. तिच्या जागी एखादी राजकन्या टाकली असती तरी गोष्टीतला एक शब्द बदलावा लागला नसता, इतकी ती नावापुरती देवी होती.

देवी कैदेत पडली म्हणजे तिचं काम बंद पडलं, हे एवढं एक वाक्य धरून बसलं की बाकीचं बरंचसं आपोआप सुटत जातं. मी ज्या क्रमाने करते तो क्रम खाली देतेय. उदाहरण म्हणून सध्या ज्या गोष्टीवर काम चालू आहे तीच घेते, म्हणजे हवेतल्या गप्पा होणार नाहीत. माझ्या गोष्टीतली देवी आहे गाठाई, गाठींची देवी. आणि तिला पळवणारा वारोबा, वाऱ्याचा देव.

पायरी १: देवीचं खातं ठरवा, आणि छोटं ठरवा

"निसर्गाची देवी", "प्रकाशाची देवी", "जीवनाची देवी" असलं काही घेऊ नका. जीवनाची देवी कैद झाली तर सगळे मरतील, गोष्ट संपली. आणि मरणार नसतील तर ती जीवनाची देवी कसली? खातं जितकं छोटं तितकी त्याची झळ नेमकी दाखवता येते. उंबरठ्याची देवी, शिळ्या झालेल्या दुःखाची देवी, पहिल्या पावलाची देवी, मिठाची देवी, काहीही चालेल, फक्त रोज हाताला लागणारं काहीतरी हवं.

मग एक कागद घ्या आणि ते खातं नसेल तर रोजच्या जगण्यात काय काय अडेल त्याच्या किमान वीस गोष्टी लिहा. पहिल्या सात-आठ पटकन येतात आणि त्या सगळ्यांनाच सुचतात. खरी मजा बाराव्या-तेराव्यानंतर सुरू होते. गाठाईची यादी करताना मी आधी होडीचा दोर, जनावराचं दावं, जखमेवरची पट्टी असंच लिहीत गेले. मग अडकले. मग सहज 'गाठ' हा शब्द आपण कुठे कुठे वापरतो ते आठवत बसले आणि खजिनाच सापडला. गाठ पडणं म्हणजे भेट होणं. गाठीला पैसे असणं. मनाशी खूणगाठ बांधणं. लग्नगाठ. म्हणजे गाठाई गायब झाली की दोर तर सुटतीलच पण माणसांची एकमेकांशी गाठही पडणार नाही, दोघं ठरलेल्या जागी जातील आणि चुकतील. गाठीशी बांधलेले पैसे उरणार नाहीत. ठरवलेलं लक्षात राहणार नाही. हे मला बाहेरच्या कुठल्या फॅन्टसीत मिळालं नसतं, ते आपल्या भाषेतच पडलेलं होतं. तुमच्या देवीच्या खात्याचा शब्द घ्या आणि त्याचे वाक्प्रचार उकरा, अर्धा प्लॉट तिथेच असतो.

आणि हो, खात्याची हद्दही इथेच आखून टाका नाहीतर पुढे वाचक पकडतात. विणकाम गाठाईच्या हद्दीत येतं का? मी ठरवलं, नाही, उभा-आडवा धागा ही गाठ नव्हे, त्यामुळे कापड टिकतं. पण शिवणीच्या शेवटी गाठ मारलेली असते म्हणून शिवलेले कपडे उसवतात. मासे धरायचं जाळं तर गाठींचंच, ते हातात धरल्याधरल्या नुसत्या दोऱ्यांचा ढीग होतं.

पायरी २: वैऱ्याला त्याची बाजू द्या

इथे बहुतेक जण शॉर्टकट मारतात, देवी सुंदर होती म्हणून देवाची नजर पडली. जुन्या कथांत हे खूप आहे, चंद्राने बृहस्पतीची पत्नी तारा नेली, ग्रीक कथेत पाताळाचा देव हेडीसने पर्सेफोनी या देवीला नेलं. पण आज लिहिताना हे कारण घेतलं की देवी लगेच वस्तू होऊन बसते आणि कैदेचे सीन नको त्या दिशेला घसरतात. त्यापेक्षा दुखावलेला देव घ्या. ग्रीक कथेत हेफेस्टस हा कारागिरांचा देव, त्याच्या आईने म्हणजे हेराने त्याला जन्मतःच खाली फेकून दिलेलं असतं. तो मोठा होऊन तिला सोन्याचं सिंहासन भेट पाठवतो, ती बसते आणि न दिसणाऱ्या बंधनांत अडकते, कुणालाच सोडवता येत नाही. आता यात वाईट कोण? सांगता येत नाही, आणि म्हणूनच ती गोष्ट अजून सांगितली जाते.

माझ्या वारोबाची तक्रार अशी. युरोपच्या उत्तरेकडच्या समुद्रांवर एक जुनी समजूत होती की खलाशी दोरीला मारलेल्या तीन गाठींत बांधलेला वारा विकत घेतात. पहिली गाठ सोडली की मंद वारा, दुसरी सोडली की जोराचा, तिसरी सोडली की वादळ. मला ही समजूत फार आवडते. मी ती वारोबाच्या बाजूने बघितली. म्हणजे त्याचे तुकडे करून, गाठीत कोंडून, बाजारात विकले जातायत आणि ते करायची विद्या माणसांना गाठाईने दिलीय. आता तो तिला का पळवतो हे मला वेगळं समजावावं लागत नाही.

टेस्ट सोपी आहे. वैरी देवाच्या तोंडून दहा ओळींची कैफियत लिहा, त्यात स्वतःचं कौतुक नको आणि धमकी नको. ती वाचून तुम्हाला त्याचं निम्मं तरी पटलं पाहिजे. नाही पटलं तर कारण बदला.

पायरी ३: कैद कशाची?

यावर सगळ्यात जास्त वेळ घालवा. मी तीन आठवडे घालवले होते.

जी बाई ठरवलं तर डोंगर हलवू शकते तिला लोखंडाच्या साखळीने धरून ठेवलंय हे कुणाला पटणार? "मंतरलेली साखळी" म्हटलं तरी वाचक मान डोलावतो आणि मनातून सोडून देतो. जुन्या कथा सांगणारे याबाबतीत आपल्यापेक्षा कितीतरी हुशार होते. नॉर्स म्हणजे जुन्या स्कॅन्डिनेव्हियातल्या कथेत फेनरिर नावाच्या राक्षसी लांडग्याला बांधायला देव आधी दोन भक्कम साखळदंड आणतात, तो दोन्ही तोडतो. शेवटी टिकते ती रेशमासारखी मऊ फीत, आणि ती बनवलेली असते मांजराच्या पावलांचा आवाज, बाईची दाढी, डोंगराची मुळं, अस्वलाच्या शिरा, माशाचा श्वास आणि पक्ष्याची थुंकी यांपासून. बहुतेक सगळ्या नसलेल्याच गोष्टी. जे नाहीच ते तोडणार कसं, हे त्यामागचं लॉजिक आणि ते एका दमात पटतं.

प्राचीन इराकमधल्या सुमेरी कथेत इनान्ना ही देवी स्वतःच्या पायांनी पाताळात उतरते, बहीण एरेशकिगालच्या राज्यात. वाटेत सात दरवाजे. प्रत्येक दारावर तिच्या अंगावरचं एकेक काढून घेतलं जातं, मुकुट, गळ्यातले मणी, हातातली मोजपट्टी, शेवटी वस्त्र, आणि ती विचारते हे काय, तर उत्तर एकच, गप्प रहा, पाताळाचे नियम असेच असतात. सातव्या दारानंतर तिच्याकडे देवीपण म्हणावं असं काही उरतच नाही. बघा, इथवर तिच्याशी कुणी लढलंही नाही, नुसते नियम लावले. पर्सेफोनीचं तर अजून साधं, हेडीसच्या पाताळातला डाळिंबाचा दाणा खाल्ला, झालं, अडकली. आणि जपानी कथेत अमातेरासू ही सूर्यदेवी भावाच्या धिंगाण्याला वैतागून स्वतःच गुहेत जाऊन बसते आणि दार लावून घेते. कैदेची कडी आतून असू शकते हा पर्याय पण विसरू नका, फार कमी लोक वापरतात.

तर कैद ठरवताना मी स्वतःला विचारते, या देवीची ताकद जिथे लागूच पडत नाही अशी जागा कोणती? पाण्याच्या देवीला कोरड्या विहिरीत टाकणं हे पहिलं सुचतं, ते सोडून द्या. गाठाईसाठी मी बसले, दोर? ती सोडवेल. साखळी? कड्यात कडं, तीही जवळजवळ गाठच. मग एक दिवस चपलेचा बंद बांधताना लक्षात आलं की गाठ मारायला किंवा सोडायला टोक लागतं. ज्याला टोकच नाही त्यापुढे गाठाईचं काही चालणार नाही. आणि वाऱ्याकडे बिनटोकाची गोष्ट कुठली? वावटळ. स्वतःभोवती फिरत राहणारी, सुरुवात नाही शेवट नाही. वारोबा तिला वावटळीच्या डोळ्यात ठेवतो. आत शांत, उजेड पण आहे, फक्त धरायला काही नाही.

तिथे ती जाते कशी? तर बोलणी करायला, स्वतःहून. अट अशी की वारोबा शस्त्र आणणार नाही आणि ती धागा आणणार नाही. म्हणून ती सलग कातडं पांघरून येते आणि केस उतरवून येते, कारण केस म्हणजे हजारो टोकं. इथे फसवणूक थोडीशी तरी तिच्या स्वतःच्या स्वभावातून यायला हवी. गाठाई शब्दाची पक्की, बांधलेला शब्द ती मोडत नाही, आणि नेमकं तेच तिला नडतं.

पायरी ४: बाहेरचं जग बिघडवा, पण हळूहळू

नॉर्स कथेतली इडुन देवी आठवा, थियाझी नावाचा राक्षस तिला नेतो आणि तिच्याकडची तरुण ठेवणारी सफरचंदं न मिळाल्यामुळे देवच म्हातारे व्हायला लागतात. एक चित्र, बस. "जगावर अंधाराचं सावट पसरलं" या वाक्यापेक्षा एक पांढरा केस जास्त काम करतो.

मी तीन टप्पे करते. पहिल्या दिवशी लोकांना वाटतं आपलीच चूक झाली. दहाव्या दिवशी कळतं सगळ्यांचंच असं होतंय. सहा महिन्यांनी लोक त्यावाचून जगायला शिकलेले असतात, आणि हा तिसरा टप्पा सगळ्यात भीतिदायक, कारण मग देवी परत आली काय नि न आली काय. बहुतेक लोक दुसऱ्या टप्प्यावरच थांबतात आणि थेट युद्धावर उडी मारतात, तसं करू नका.

पहिल्या दिवसासाठी माझ्याकडे एक सुईण आहे. बाळ जन्मलंय, आई ठीक आहे, नाळ बांधायला ती दोरा गुंडाळते, गाठ मारते, ओढते, आणि गाठ साबण लावल्यासारखी सरकून मोकळी होते. पुन्हा बांधते, पुन्हा सुटते. तिसऱ्यांदा ती दोरा बाजूला ठेवते आणि नाळ स्वतःच्या चिमटीत दाबून धरते. बोटं वळतात, मुंग्या येतात, हात बदलायची हिंमत होत नाही. खोलीतल्या कुणाला काही कळलेलं नाही, आजी विचारते "काय गं, एवढा वेळ?" आणि ती म्हणते "काही नाही काकू, तुम्ही पाणी ठेवा." पहाटेपर्यंत ती तशीच बसून. या सीनमध्ये देवीचं नावही नाही. तरी माझ्या मते अख्ख्या गोष्टीत गाठाई सगळ्यात जास्त याच सीनमध्ये आहे.

पायरी ५: बाकीचे देव काय करतायत?

हा प्रश्न वाचक विचारणारच, तर दोन-चार ओळींत मिटवून टाका. ताराच्या कथेत बघा, चंद्राच्या बाजूने शुक्राचार्य उभे राहतात, ताराशी त्यांचं काही देणंघेणं नाही, त्यांचं बृहस्पतीशी जुनं वाकडं आहे. इतकं साधं कारण पुरतं. कुणाचा हिशेब चुकता करायचाय, कुणाला फायदा होतोय, कुणाला पत्ताच नाही. ग्रीक कथेत युद्धाचा देव एरीस १३ महिने पितळी रांजणात बंद होता आणि बातमी लागल्यावर देवांचा दूत हर्मीसने त्याला बाहेर काढलं. तेरा महिने! देवांच्या घरात कोण कुठे गेलंय याची कुणाला फिकीर नसते हे एकदा मान्य केलं की पुष्कळ प्रश्न सुटतात.

पायरी ६: आत ती काय करते

पहिल्या चॅप्टरला गेली, तिसाव्याला सापडली, मधे नुसती उसासे टाकत बसली, असं असेल तर ती पार्सल आहे. तिला आत किमान तीन गोष्टी करायला द्या. एक फसणारी, एक अर्धी जमणारी, आणि एक जी कुणाच्या लक्षात येत नाही.

महाभारतात उद्योगपर्वात शचीची, म्हणजे इंद्राच्या बायकोची गोष्ट आहे. इंद्र लपून बसलेला, त्याच्या गादीवर नहुष, आणि नहुषाला आता इंद्राणी पण हवीय. शची नाही म्हणत नाही. ती आधी मुदत मागून घेते, मग अट घालते की ऋषींनी वाहिलेल्या पालखीत बसून ये. पुढचं नहुषाचा अहंकारच करतो, अगस्त्य ऋषींना लाथ लागते, शाप मिळतो, साप होऊन खाली पडतो. तिने तलवार उचलली नाही, पण नहुषाला नेमकं ओळखलं होतं. तुमच्या देवीला पळवणाऱ्याची इतकी ओळख हवी. वैरी आहेत म्हणजे एकमेकांना चांगलंच ओळखत असणार ना.

गाठाईचं हत्यार सापडायला मला वेळ लागला आणि सापडलं ते इतकं समोर होतं की हसू आलं. केस! उतरवलेले केस वाढतातच. माणसाचे महिन्याला साधारण १ सेंटीमीटर वाढतात, गाठाईचे पण तेवढेच वाढतात असं मी ठरवलं, आणि एक नीट गाठ मारायला मला पाच-सहा सेंटीमीटर तरी हवे. म्हणजे सहा महिने. माझ्या गोष्टीचं कॅलेंडर तिथे फुकटात मिळालं. वारोबालाही हे कळतं, म्हणून तो दर महिन्याला स्वतः येऊन तिचे केस उतरवतो, दुसरं कुणी वावटळीत जाऊच शकत नाही. म्हणजे दर महिन्याला दोघांचा एक सीन, आणि दर वेळी ती कानामागचा एक केस, फक्त एक, वाचवते.

पायरी ७: दोघं एकमेकांना काय म्हणतात

मराठीत लिहिताय तर याचा फायदा घ्याच. भक्त देवीला तू म्हणतो, राजाला आपण म्हणतो, हे आपल्याला इतकं अंगवळणी पडलंय की त्यात किती नाट्य आहे ते दिसत नाही. वारोबा आणि गाठाई जुने ओळखीचे, ती त्याला "अरे वारोबा" म्हणते आणि तो तिला "अगं". चौथ्या महिन्यात तो येतो आणि पहिल्यांदाच म्हणतो, "तुम्ही मान खाली करा." तेवढ्या एका 'तुम्ही'ने थंडी वाजते, राक्षसी हास्याची गरज पडत नाही. आणि कृपा करून देवांना "हे दुष्टा, तुझा अंत समीप आला आहे" असं बोलायला लावू नका. देवांनी संस्कृतच बोललं पाहिजे असा कुठे नियम नाही, भांडताना तर नाहीच.

पायरी ८: सुटका आणि तिचं बिल

फुकटची सुटका फुसकी वाटते. इनान्नाला सोडताना पाताळवाले म्हणतात, बदली कुणीतरी द्या, आणि तिच्या नवऱ्याला अर्धं वर्ष नि नणंदेला अर्धं वर्ष खाली जावं लागतं. पर्सेफोनी सुटते पण ग्रीक कवी होमरच्या नावावरच्या जुन्या स्तोत्रात वर्षाचा एक तृतीयांश भाग तिला परत जावंच लागतं. बिल कैदेच्या नियमातूनच निघालं पाहिजे हे महत्त्वाचं. कैद डाळिंबाची तर बिल ऋतूंचं (ती खाली असते तेव्हा वर हिवाळा), अशी काहीतरी सांगड हवी. शेवटी एकदम कुणाचंतरी बलिदान आणून ठेवलं तर ते चिकटवलेलं दिसतं.

सहाव्या महिन्यात वारोबा तिचे केस उतरवायला हात पुढे करतो आणि गाठाई तो एक केस त्याच्या करंगळीला बांधते. वावटळीला टोक नसतं पण वारोबाला आहे. वावटळ थांबते, ती बाहेर. पण गाठीला दोन बाजू असतात, केस अजून तिच्या डोक्यात आहे आणि त्याचं दुसरं टोक त्याच्या बोटात. आता ती जिथे जाईल तिथे तो. केस तोडला तर गाठ वाया, नाही तोडला तर जन्माची सोबत, तीही याची. ती तोडत नाही. तिने बांधलेलं ती मोडत नाही, आधी सांगितलंय ना.

बाहेरून सोडवायला निघालेलं कॅरेक्टर असेल तर त्याला इथे काय काम, असं कुणीतरी विचारेल. माझ्या गोष्टीत एक नावाडीण निघालेली आहे. ती वावटळीपर्यंत पोचते, आत जाता येत नाही, ती फक्त बाहेरून ओरडून सांगते की आज कितवा महिना आहे. आत दिवस-रात्र नाहीत, गाठाईला मोजायला दुसरं काही नाही. तेवढंच तिचं काम आणि तेवढं पुष्कळ झालं. सोडवणाऱ्याने दार फोडलंच पाहिजे असं नाही.

पायरी ९: परत आल्यावर

एक सीन हवाच, तिचं काम पुन्हा सुरू झाल्याचा. उत्सव, घंटा, फुलं टाळा. तिसऱ्या टप्प्यावरच्या माणसांकडे जा, जी तिच्यावाचून जगायला शिकली होती. सुईणीकडे परत जावं असं मला खूप वाटलं, पण तो सीन तिथेच पुरा झालाय, त्याला हात लावला की बिघडेल. म्हणून मी नावाडणीकडे गेले. ती घाटावर येते, सहा महिन्यांनी पहिल्यांदा होडीचा दोर खुंट्याला बांधते, ओढून बघते, गाठ धरते. पुन्हा ओढते, धरते. माणसं घरी गेली, अंधार पडला, वारा अगदी मंद सुटलाय, आणि ती दोराचं उरलेलं टोक मुठीत गच्च धरून खुंट्याशेजारी बसून राहिलीय.